पडदा कुठे लावायचा?

मुंबईत १८९६ साली प्लेग शिरला आणि दाटीवाटीच्या वस्त्यांमधून माणसं पटापट मरू लागली. दोन वर्षांनी सरकारने सिटी इम्प्रूव्हमेंट ट्रस्ट स्थापन केला. या ट्रस्टने पुढे कष्टकऱ्यांसाठी बांधलेल्या चाळींना आजही लोक बीआयटी चाळी म्हणतात. परळच्या अशाच एका चाळीत डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी उमेदीची बरीच वर्षं काढली. माहितीपटकार आनंद पटवर्धनांचा ‘जय भीम कॉम्रेड’ मुंबईकरांना दाखवायची वेळ आली, तेव्हा जानेवारी २०१२ मध्ये पडदा लागला तो भायखळ्याच्या बीआयटी चाळीत. चित्रपट तीन तासांहून मोठा, बराचसा मराठीत, आणि त्यातली गाणी अशाच चाळी-वस्त्यांमध्ये जन्मलेली. एखाद्या थंडगार सभागृहात निमंत्रितांसमोर खेळ करायचा, परीक्षणं छापून येऊ द्यायची आणि मग जमलंच तर वस्तीकडे वळायचं, हा माहितीपटांचा नेहमीचा रस्ता. हा चित्रपट मात्र आधी चाळीत लागला आणि मग महाराष्ट्रभर वस्त्यावस्त्यांतून फिरला.

पटवर्धनांविषयी लिहिताना बहुतेकजण त्यांच्या धाडसाविषयी लिहितात, सेन्सॉर बोर्डाशी आणि दूरदर्शनशी झालेल्या झगड्यांविषयी लिहितात. ते योग्यच आहे. पण पन्नास वर्षांचं हे काम एका ओळीने पाहत गेलं की मला त्यात एक वेगळा आग्रह दिसतो. चित्रपट कोणाचा आहे, हे तो कोणी काढला यावरून ठरत नाही, तो कोणासमोर लागला यावरून ठरतं, असं मानून हा माणूस काम करत आला आहे. चित्रीकरण आणि संकलन संपलं की त्यांचं निम्मं काम उरतं. ज्यांच्यावर चित्रपट काढला त्यांच्यापुढे तो न्यायचा, आणि ज्यांनी तो पाहू नये अशी सत्तेची इच्छा आहे त्यांच्यापुढेही न्यायचा. कधी चादरीच्या पडद्यावर, कधी न्यायालयाचा हुकूम घेऊन सरकारी वाहिनीवर.

पटवर्धनांचा जन्म १९५० सालचा, मुंबईचा. घराणं अहमदनगरचं. रावसाहेब आणि अच्युतराव पटवर्धन हे त्यांचे काका. बेचाळीसच्या लढ्यात अच्युतराव भूमिगत राहून इंग्रज सरकारला अखेरपर्यंत सापडले नाहीत, ही गोष्ट महाराष्ट्रातल्या एका पिढीला पाठ होती. आई निर्मला या गांधीधाम वसवणाऱ्या भाई प्रताप दियालदास यांच्या कन्या. त्या शांतिनिकेतनात शिकल्या, कुंभारकाम हे त्यांनी आयुष्यभराचं काम मानलं आणि मातीकाम व झिलईच्या रसायनावर पुस्तक लिहिलं. एका बाजूला तुरुंग आणि भूमिगत छापखाने, दुसऱ्या बाजूला भट्टी आणि चाक, असं हे घर. पटवर्धनांनी आईवडिलांच्या उतारवयात त्यांचं घरगुती चित्रीकरण केलं होतं. त्यातून २०२३ मध्ये ‘वसुधैव कुटुंबकम्’ झाला. त्यांच्या चित्रपटांत हा सर्वांत मृदू. मोर्चे नाहीत, घोषणा नाहीत, दोन वृद्ध माणसांच्या गप्पा आहेत. पण या गप्पांमधून स्वातंत्र्यलढ्यातली अशी एक पिढी समोर येते जिला धर्मनिरपेक्षता हा शब्द पुस्तकातून शिकावा लागला नव्हता.

एल्फिन्स्टन कॉलेजातून इंग्रजी साहित्याची पदवी घेऊन पटवर्धन १९७० मध्ये अमेरिकेत ब्रँडाइस विद्यापीठात समाजशास्त्र शिकायला गेले. व्हिएतनाम युद्धाविरोधात तेव्हा अमेरिकेतली विद्यापीठं पेटलेली होती. लांब केस, गाणी, लष्करभरतीला नकार, रस्त्यावर बसून अडवलेले दरवाजे, हे सगळं मिळून एक प्रतिसंस्कृती उभी राहत होती आणि हा विद्यार्थी तिच्यात ओढला गेला. पहिली छोटी फिल्मही तिथलीच: पूर्व पाकिस्तानातून भारतात आलेल्या निर्वासितांसाठी विद्यार्थ्यांनी उपास करून पैसे जमवले, त्याविषयीची. शिक्षण संपल्यावर कॅलिफोर्नियात सीझर चावेझ यांच्या शेतमजूर संघटनेत स्वयंसेवक म्हणून काम, आणि तिथून थेट मध्य प्रदेशातल्या होशंगाबाद जिल्ह्यात ‘किशोर भारती’ या ग्रामीण शिक्षणप्रकल्पात. मला हा प्रवास महत्त्वाचा वाटतो, कारण त्या काळातले अनेक तरुण प्रतिसंस्कृतीचे कपडे आणि संगीत घेऊन परतले. पटवर्धनांनी आणली ती चावेझ यांच्याकडची शिस्त: चिकाटी, अहिंसा आणि बहिष्काराचं राजकारण.

१९७४ मध्ये बिहारात जयप्रकाश नारायणांचं आंदोलन उसळलं आणि पटवर्धन तिथे पोहोचले. ४ नोव्हेंबरला पाटण्यात मोठा मोर्चा निघणार होता. पोलिसांचा हात उठण्याची भीती होती आणि त्याचा पुरावा हवा होता. हाताशी होता सुपर एट कॅमेरा. ही फिल्म लग्नमुंजीच्या, सहलींच्या घरगुती चित्रणासाठी बनवलेली, अवघी आठ मिलिमीटर रुंद. तिची निगेटिव्ह निघत नाही. जी फिल्म कॅमेऱ्यातून धावते तीच धुऊन दाखवायची, म्हणजे एकच प्रत. ती फाटली की संपलं. पाटण्यात लाठीमार झाला, जयप्रकाशांनाही लाठी लागली. ते चित्रण मिळालं, पण पुढे त्याच्या प्रती कशा काढायच्या? पटवर्धन आणि त्यांच्या मित्रांनी ही आठ मिलिमीटरची फिल्म पडद्यावर दाखवली आणि पडद्यावरचं चित्र सोळा मिलिमीटरच्या कॅमेऱ्याने पुन्हा टिपलं. कच्ची फिल्म मुदत उलटलेली, कॅमेरा मागून आणलेला. परिणामी ‘क्रांती की तरंगें’ या अर्ध्या तासाच्या चित्रपटात चित्र दाणेदार आहे, कडा विरघळल्यासारख्या आहेत. आज ते पाहताना हा खरखरीतपणा त्या दिवसांचाच एक भाग वाटतो.

चित्रपट तयार झाला आणि काही महिन्यांत, जून १९७५ मध्ये, आणीबाणी आली. जयप्रकाश तुरुंगात गेले. चित्रपट दाखवणं म्हणजे अटकेला आमंत्रण. गुप्तपणे काही खेळ झाले. मग एका प्रतीचे तुकडे करून ते वेगवेगळ्या माणसांबरोबर देशाबाहेर पाठवले गेले. पटवर्धन कॅनडात मॅकगिल विद्यापीठात शिकायला गेले, तिथे तुकडे पुन्हा जोडले आणि परदेशातल्या भारतीयांमध्ये आणीबाणीविरुद्धच्या प्रचारासाठी हा चित्रपट फिरला. म्हणजे चित्रपटाचं पहिलं आयुष्यच भूमिगत गेलं. पुढे मॅकगिलमध्ये त्यांनी प्रबंध लिहिला तो याच विषयावर, गनिमी चित्रपट, त्याचं भूमिगत आणि निर्वासित जिणं, आणि त्यात स्वतःच्याच चित्रपटाची चिकित्सा केली.

त्या प्रबंधामागे लॅटिन अमेरिकेतला मोठा वाद उभा आहे. अर्जेंटिनातले फर्नांदो सोलानास आणि ऑक्ताव्हियो हेतिनो यांनी १९६८ मध्ये चार तासांहून मोठा एक चित्रपट केला आणि १९६९ मध्ये ‘तिसऱ्या सिनेमा’ची भूमिका मांडली. पहिला सिनेमा हॉलिवूडचा, दुसरा लेखक-दिग्दर्शकाच्या कलाविष्काराचा, आणि तिसरा लढ्याचा. लष्करी राजवटीत त्यांचा चित्रपट लपूनछपून दाखवला जाई, मध्येच थांबवला जाई आणि जमलेली माणसं चर्चा करत. प्रेक्षक हा शब्दच त्यांना कमी वाटत होता. क्युबाचे हुलिओ गार्सिया एस्पिनोसा यांनी त्याच सुमारास ‘अपूर्ण सिनेमा’ची कल्पना मांडली: तांत्रिकदृष्ट्या गुळगुळीत, परिपूर्ण चित्रपट हा बहुधा प्रतिगामी असतो. पाटण्यातलं ते दाणेदार चित्र या विचाराशी आपोआपच जुळलं. मात्र पटवर्धनांचा चित्रपट पुढे लॅटिन अमेरिकी वळणाने गेला नाही. सोलानास-हेतिनो यांचा चित्रपट घोषणांनी, मोठ्या अक्षरांतल्या पाट्यांनी प्रेक्षकाच्या अंगावर येतो. पटवर्धन माणसांना बोलू देतात, आणि आपली बाजू संकलनातून, कोणत्या दृश्यानंतर कोणतं दृश्य ठेवायचं यातून मांडतात.

आपल्याकडे माहितीपट म्हणजे काय हे तोवर फिल्म्स डिव्हिजनने ठरवून टाकलं होतं. १९४८ मध्ये स्थापन झालेल्या या सरकारी संस्थेचे लघुपट मुख्य चित्रपटाआधी दाखवणं थिएटरांवर बंधनकारक होतं. धरणं, पंचवार्षिक योजना, कुटुंबनियोजन आणि त्यावर एक भारदस्त पुरुषी आवाज. या संस्थेत सुखदेव, एस. एन. एस. शास्त्री, प्रमोद पती यांच्यासारखी विलक्षण कल्पक माणसं होऊन गेली, त्यांना विसरणं अन्यायाचं होईल. पण संस्थेचा सूर राज्यकर्त्याचा होता. तो बोलायचा आणि जनतेने ऐकायचं. पटवर्धनांच्या पिढीला तो आवाज बाजूला करायचा होता. कोण बोलणार हा प्रश्न तर होताच, कोण ऐकणार हाही होता.

कॅनडात असताना त्यांनी ब्रिटिश कोलंबियातल्या पंजाबी शेतमजुरांच्या संघटनेवर जिम मन्रो यांच्याबरोबर १९८१ मध्ये ‘अ टाइम टू राइज’ केला. तिथून ते मुंबईत परतले आणि मुंबई त्यांचा विषय झाली.

जुलै १९८१ मध्ये मुख्यमंत्री अ. र. अंतुले यांनी फुटपाथवर राहणाऱ्यांना मुंबईबाहेर काढण्याचा हुकूम दिला. भर पावसात झोपड्या पाडल्या गेल्या, माणसं बसमध्ये भरून शहराबाहेर सोडली गेली. पत्रकार ओल्गा टेलिस आणि इतर सर्वोच्च न्यायालयात गेले. १९८५ मध्ये निकाल आला. उपजीविकेचा हक्क हा जगण्याच्या हक्काचाच भाग आहे असं न्यायालयाने मान्य केलं, पण नोटीस देऊन झोपड्या पाडायला मुभाही दिली. त्याच वर्षी ‘हमारा शहर’ पूर्ण झाला. यात महापालिकेचे आणि पोलिसांचे वरिष्ठ अधिकारी आहेत, शहर सुंदर करायला निघालेले उच्चभ्रू आहेत, आणि ज्यांच्या हातांनी हे शहर बांधलं गेलं ती माणसं आहेत, डोक्यावरचं छप्पर उचकटलं जाताना. या चित्रपटात एक बाई कॅमेऱ्यावर संतापते. आमची दुर्दशा टिपून तुम्ही नाव कमावणार, आमच्या हाती काय पडणार, असा तिचा रोख. कोणत्याही दिग्दर्शकाला हे दृश्य कापता आलं असतं. पटवर्धनांनी ठेवलं. माझ्या मते त्यांच्या पुढच्या सगळ्या कामाची दिशा या एका निर्णयात आहे. त्या बाईच्या प्रश्नाला चित्रपटाच्या आत उत्तर नाही. उत्तर द्यायचं तर चित्रपट संपल्यावरच द्यावं लागतं.

‘हमारा शहर’ला सर्वोत्कृष्ट माहितीपटाचा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. १९८६ मध्ये कफ परेडजवळच्या संजय गांधी नगरची झोपडपट्टी पाडली गेली तेव्हा पटवर्धन रहिवाशांबरोबर उपोषणाला बसले. शबाना आझमीही त्यात होत्या. विस्थापितांना अखेर पर्यायी जागा मिळाली. उपोषण आणि चित्रपट यांत फरक करायची गरज त्यांना वाटली नाही.

आणि मग सुरू झाली दूरदर्शनशी लढाई. त्यांचा युक्तिवाद सरळ होता. सरकारनेच या चित्रपटाला पुरस्कार दिला आहे, वाहिनी जनतेच्या पैशावर चालते, पुरस्कारप्राप्त चित्रपट दाखवण्याचा तिचा प्रघात आहे, मग हाच का नाही? दूरदर्शन नकार देई, पटवर्धन न्यायालयात जात, वर्षानुवर्षं तारखा पडत, आणि शेवटी चित्रपट लागे. ‘हमारा शहर’च्या बाबतीत हे झालं. भगतसिंगांच्या वारशाचा आणि खलिस्तानच्या काळातल्या पंजाबचा वेध घेणाऱ्या ‘उना मित्रां दी याद प्यारी’च्या बाबतीत झालं. ‘राम के नाम’ १९९७ मध्ये दाखवला गेला. ‘पिता, पुत्र और धर्मयुद्ध’ तर सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेला. पहिल्या भागाला यू आणि दुसऱ्याला ए प्रमाणपत्र असल्याचं कारण दूरदर्शनने पुढे केलं होतं. ऑगस्ट २००६ मध्ये न्यायालयाने ते फेटाळलं आणि प्रक्षेपणाचा आदेश दिला. चित्रपट पूर्ण होऊन तोवर दशक उलटून गेलं होतं. अणुचाचण्यांनंतरच्या भारत-पाकिस्तानवरचा ‘जंग और अमन’ सेन्सॉर बोर्डाच्या कात्रीत सापडला. बोर्डाने मागितलेला एकही कट न देता २००३ मध्ये मुंबई उच्च न्यायालयातून तो मोकळा झाला. या निकालांचा लाभ एकट्या पटवर्धनांना मिळाला नाही. त्यानंतर सेन्सॉरपुढे उभ्या राहिलेल्या कित्येकांच्या वकिलांना हे निकाल हाताशी मिळाले.

एका कलावंताची एवढी वर्षं न्यायालयात जावीत याचं वाईट वाटतं. त्या वर्षांत किती चित्रपट झाले असते असा विचार मनात येतो. पण त्या काळी दूरदर्शन हा देशातल्या घराघरात पोहोचणारा पडदा होता. तो सोडून देणं म्हणजे त्या घरांना सोडून देणं.

‘राम के नाम’चं चित्रीकरण १९९० मधलं. सोमनाथहून निघालेली रथयात्रा, अयोध्येतली कारसेवा, आणि या गदारोळात एक माणूस शांतपणे बोलताना दिसतो: न्यायालयाने नेमलेले रामजन्मभूमीचे पुजारी लालदास. मंदिराच्या नावाने चाललेलं राजकारण रामाचं नाही, हे ते रामभक्त म्हणून सांगतात. चित्रपट पूर्ण झाला तेव्हा बाबरी मशीद उभी होती. ६ डिसेंबर १९९२ रोजी ती पाडली गेली आणि १९९३ च्या नोव्हेंबरात लालदास यांचा खून झाला. आज त्यांचा आवाज या चित्रपटामुळेच ऐकायला मिळतो. धर्म आणि धर्माचं राजकारण यांतली रेघ त्यांनी ज्या साधेपणाने ओढली, तशी मला नंतरच्या कुठल्या लेखात किंवा भाषणात आढळली नाही.

पटवर्धनांवर एकांगीपणाचा आरोप नेहमी होतो. त्यातला थोडा भाग मला मान्य आहे. त्यांच्या चित्रपटांत विरोधी बाजूचा माणूस बहुधा दोन-तीन साध्या प्रश्नांत उघडा पडतो आणि तिथेच दृश्य संपतं. त्याला तिथवर काय घेऊन आलं, त्याच्या मनातली भीती कुठली, हे कळत नाही. अपवाद ‘पिता, पुत्र और धर्मयुद्ध’चा. बाबरीनंतरची मुंबईतली दंगल आणि १९८७ मधलं देवराळाचं सती प्रकरण यांना जोडून तो पुरुषार्थाच्या कल्पनेपर्यंत खणत जातो. हिंसा करणाऱ्याला आपण नामर्द ठरू याची धास्ती आहे, हे तो दाखवतो. म्हणून मला तो त्यांचा सर्वांत खोल विचार केलेला चित्रपट वाटतो. सीमंतिनी धुरू यांच्यासह केलेला ‘नर्मदा डायरी’ मात्र सर्वांत जवळिकीचा. मणिबेलीसारखं महाराष्ट्राच्या टोकाचं आदिवासी गाव धरणाच्या पाण्याखाली जाताना त्यात दिसतं, आणि कॅमेरा गावकऱ्यांच्या बरोबरीने काठावर उभा आहे हे सतत जाणवतं.

आता पुन्हा ‘जय भीम कॉम्रेड’कडे. या लेखाचं खरं कारण तोच आहे.

११ जुलै १९९७ च्या सकाळी घाटकोपरच्या माता रमाबाई आंबेडकर नगरात बाबासाहेबांच्या पुतळ्याला चपलांचा हार घातलेला दिसला. लोक रस्त्यावर आले, महामार्ग अडला. राज्य राखीव पोलीस दलाची तुकडी आली आणि तिने वस्तीच्या दिशेने गोळ्या झाडल्या. दहा माणसं मेली. जमाव गॅसचे टँकर पेटवणार होता, असं पोलिसांचं म्हणणं. चित्रपट हा दावा घेऊन बसतो, टँकर कुठे होते, गोळ्या कुठे लागल्या, मेलेली माणसं कुठे उभी होती हे तपासत राहतो. न्यायमूर्ती गुंडेवार आयोगाने गोळीबाराचा ठपका या तुकडीच्या उपनिरीक्षकावर ठेवला. २००९ मध्ये सत्र न्यायालयाने त्याला जन्मठेप सुनावली आणि नंतर उच्च न्यायालयात त्याला जामीन मिळाला.

गोळीबारानंतर चार दिवसांनी शाहीर विलास घोगरे यांनी मुलुंडच्या आपल्या झोपडीत गळफास घेतला. ‘हमारा शहर’मध्ये गाणारे हेच घोगरे. आव्हान नाट्य मंचाच्या लाल झेंड्याखाली त्यांनी उमेदीची वर्षं गाण्यात घालवली होती, आणि याच डाव्या चळवळीने एका टप्प्यावर त्यांना दूर केलं होतं. मरताना त्यांनी डोक्याला निळं फडकं बांधलं होतं. पटवर्धनांसाठी हा आपल्याच चित्रपटातल्या माणसाचा मृत्यू होता. ते कॅमेरा घेऊन निघाले आणि चौदा वर्षं थांबले नाहीत.

लाल आणि निळा यांच्यामधली ही दरी चित्रपटाच्या नावातच आहे. ‘जय भीम’ म्हणणारा आणि ‘कॉम्रेड’ म्हणणारा एकाच वस्तीत राहतात, एकाच गिरणीत किंवा गटारात राबतात, तरी एकमेकांवर विश्वास का ठेवत नाहीत? मार्क्सवाद्यांनी जात दुय्यम मानली, हा आंबेडकरी चळवळीचा आक्षेप चित्रपट पूर्ण वजनानिशी मांडतो. कचराडेपोवर हातमोज्यांशिवाय काम करणारा सफाई कामगार दिसतो. बाबासाहेबांच्या स्मृतिदिनी, ६ डिसेंबरला, शिवाजी पार्कला लोटणाऱ्या गर्दीविषयी नाक मुरडणारे आजूबाजूचे रहिवासी दिसतात. खैरलांजीचं दलित हत्याकांड दिसतं. आणि या सगळ्यातून गाणं वाहत राहतं.

हे गाणं समजल्याशिवाय चित्रपट समजत नाही. सत्यशोधकांनी तमाशाचा साचा घेऊन त्यातला गण-गवळणीचा भाग बदलला आणि जलसा उभा केला. भीमराव कर्डक आणि त्यांच्या सोबत्यांनी आंबेडकरी जलसा गावोगाव नेला. वामनदादा कर्डकांनी हजारो गीतं लिहिली. दुसऱ्या बाजूला अण्णाभाऊ साठे, अमर शेख आणि द. ना. गवाणकर यांचं लाल बावटा कलापथक गिरणगावात गाजत होतं. महाराष्ट्राची खरीखुरी प्रतिसंस्कृती इथे आहे. तिला पदव्या लागल्या नाहीत, स्टुडिओ लागला नाही, ढोलकी, दिमडी आणि उंच आवाज पुरला. नंतर कॅसेट आल्या, टपऱ्यांवर विकल्या गेल्या. मराठी साहित्याच्या इतिहासांनी या परंपरेला पानाच्या तळाची जागा दिली, ही आपल्या विद्वत्तेची लाज आहे. पटवर्धनांनी तिला तीन तास दिले. गाणी तोडून पार्श्वसंगीत केली नाहीत, पूर्ण ऐकवली. आणि ती पुन्हा त्याच वस्त्यांमध्ये पडद्यावरून ऐकवली, तेव्हा समोर बसलेल्यांना ती पाठ होती.

चित्रपटाच्या उत्तरार्धात पुण्याचा कबीर कला मंच येतो. २००२ च्या गुजरात दंगलींनंतर उभा राहिलेला हा तरुणांचा गट. शीतल साठे आवाज लावते तेव्हा विलास घोगरेंचं गाणं थांबलेलं नाही असं वाटतं. पण चित्रपट पूर्ण होईपर्यंत मंचाच्या काही कलाकारांवर माओवादी असल्याच्या आरोपाखाली यूएपीए हा दहशतवादविरोधी कायदा लागला, काही अटकेत गेले, शीतल आणि सचिन माळी भूमिगत झाले. कासेवाडीच्या घरातली शीतलची आई कॅमेऱ्यासमोर लेकीविषयी ज्या अभिमानाने बोलते, ते दृश्य कोणाही मराठी माणसाने पाहावं. पटवर्धन आणि इतरांनी कबीर कला मंच बचाव समिती उभी केली. २ एप्रिल २०१३ रोजी शीतल आणि सचिन विधानभवनासमोर आले. ही शरणागती नाही, सत्याग्रह आहे, अशी त्यांची भूमिका. शीतल तेव्हा गरोदर होती. तिला काही महिन्यांत जामीन मिळाला, सचिनला जानेवारी २०१७ मध्ये सर्वोच्च न्यायालयातून. मंचाचे आणखी तीन कलाकार २०२० मध्ये एल्गार परिषद प्रकरणात पकडले गेले. ‘हमारा शहर’मधल्या बाईने विचारलेला प्रश्न इथे पुन्हा उभा राहतो, आणि या वेळी दिग्दर्शक पोलीस ठाण्याच्या, वकिलाच्या, न्यायालयाच्या वाऱ्या करतो आहे.

एकट्याने केलेली ही वाटचाल नव्हती, हेही नोंदवायला हवं. २००४ च्या मुंबई आंतरराष्ट्रीय चित्रपट महोत्सवासाठी भारतीय माहितीपटांना सेन्सॉर प्रमाणपत्राची अट घालण्यात आली. देशभरातल्या माहितीपटकारांनी विरोध केल्यावर ती मागे घेतली गेली, पण गुजरात दंगलींवरचे आणि इतर अनेक गैरसोयीचे माहितीपट निवडीत गळाले. तेव्हा या मंडळींनी प्रभादेवीच्या भूपेश गुप्ता भवनात ‘विकल्प’ नावाचा समांतर महोत्सव भरवला. त्यातून पुढे शहराशहरांत नियमित खेळांची साखळी तयार झाली. सरकारी महोत्सवापासून चालत जाण्याच्या अंतरावर भरलेली ही दुसरी जत्रा मला फार मोलाची वाटते. त्यातून एका पिढीला कळलं की पडदा आपणही लावू शकतो.

२०१८ मध्ये आलेल्या ‘विवेक’ची लांबी जवळपास चार तास, आठ प्रकरणं. २० ऑगस्ट २०१३ रोजी पुण्यात डॉ. नरेंद्र दाभोलकर सकाळच्या फेरीला निघाले असताना त्यांच्यावर गोळ्या झाडल्या गेल्या. फेब्रुवारी २०१५ मध्ये कोल्हापुरात कॉ. गोविंद पानसरे. त्यानंतर कलबुर्गी, गौरी लंकेश. चित्रपट इथून सुरू होऊन रोहित वेमुलाची आत्महत्या आणि गुजरातमधल्या उना इथे दलितांना झालेली मारहाण इथपर्यंत जातो. मधल्या काळात, ऑक्टोबर २०१५ मध्ये, पटवर्धनांनी आणि इतर काही दिग्दर्शकांनी आपले राष्ट्रीय पुरस्कार परत केले होते. ज्या पुरस्काराचा दाखला देऊन त्यांनी दूरदर्शनला न्यायालयात खेचलं, तो पुरस्कार परत करणं किती जड गेलं असेल हे त्यांच्या लढ्याचा इतिहास माहीत असणाऱ्याला सांगावं लागत नाही. ‘विवेक’ला ॲमस्टरडॅमच्या माहितीपट महोत्सवात सर्वोच्च पुरस्कार मिळाला. पण जून २०१९ मध्ये तिरुवनंतपुरमच्या महोत्सवात तो दाखवायला केंद्रीय मंत्रालयाने सेन्सॉर प्रमाणपत्रातून सवलत नाकारली. पुन्हा उच्च न्यायालय, या वेळी केरळचं. परवानगी मिळाली आणि खेळ झाला. दाभोलकर आणि पानसरे ज्या राज्याचे, त्या महाराष्ट्रात हा चित्रपट गावोगावच्या महाविद्यालयांत लागायला हवा होता. तसं झालेलं नाही.

पटवर्धनांचे बरेच चित्रपट आता यूट्यूबवर आहेत. कोणीही, कुठेही, फोनवर पाहू शकतो. तरीही खेळ बंद पाडायला माणसं येतात, कारण एकट्याने फोनवर पाहणं आणि वीसजणांनी एका खोलीत बसून पाहणं यातला फरक सत्तेला प्रेक्षकांइतकाच नीट कळतो. ऑगस्ट २०१९ मध्ये हैदराबाद विद्यापीठात ‘राम के नाम’च्या खेळावरून पोलिसांनी विद्यार्थ्यांना ताब्यात घेतलं. जानेवारी २०२४ मध्ये, अयोध्येत नव्या मंदिराचं उद्घाटन दोन दिवसांवर असताना, हैदराबादेतल्या एका कॅफेत चित्रपटप्रेमींचा गट हाच चित्रपट पाहत होता. तक्रार झाली, पोलीस आले, खेळ थांबला आणि आयोजकांना पकडून नेण्यात आलं. या चित्रपटाला सेन्सॉर बोर्डाचं यू प्रमाणपत्र आहे, राष्ट्रीय पुरस्कार आहे, आणि दूरदर्शनने तो देशभर दाखवला त्याला तेव्हा सव्वीस वर्षं होऊन गेली होती.